डीव्हीडीवरचा दुसरा आवाज

लग्नातले सगळे खरे आवाज पुसायचे आणि त्यावर सिनेमाची गाणी घालायची, याला आमच्या धंद्यात मिक्सिंग म्हणतात. नवरीची आई रडतेय आणि वर बासरी वाजतेय. पंगत बसलीय, वाढपी धावताहेत, आणि हिरो-हिरोइन बर्फात गात आहेत. लोकांना तेच हवं असायचं. लग्नात माणसं खरं काय बोलतात ते दुसऱ्यांदा ऐकायची कोणाची तयारी नसते.

गडचिरोलीत चामोर्शी रोडला आमचं दुकान आहे. पाटीवर अजून ‘विनोद व्हिडिओ मिक्सिंग’ असंच आहे. आत मी झेरॉक्स काढते, पासपोर्ट फोटो काढते, पोट्ट्यांचे भरतीचे अर्ज भरते. डीव्हीडी आता कोणी मागत नाही. लग्न संपायच्या आत ते मोबाईलवर साऱ्या गावात फिरून आलेलं असतं.

विनोद म्हणजे माझा नवरा. तो होता तोवर मी त्याचं नाव घेत नसे, चारचौघींसारखं ‘अहो’ म्हणायची. तो गेल्यावर नाव घ्यायला लागले आणि हळूहळू ‘अरे’वर आले. भांडायला सोपं पडतं. मलेरिया डोक्यात गेला आणि एका पावसाळ्यात तो संपला. तेव्हा आमच्याकडे बटणांचा मोबाईल होता, त्यात बोलणं साठवून ठेवायची सोय आम्हाला माहीत नव्हती. त्याचे फोटो आहेत. एकात तर तो मार्कंड्याच्या जत्रेत माझ्यासाठी घेतलेली टोपली डोक्यावर घालून उभा आहे. पण आवाज नाही. तालुक्यातली निम्मी लग्नं त्यानं कॅमेऱ्यात धरली आणि एकातही तो स्वतः नाही, कारण कॅमेरा धरणारा दिसत नाही. आणि ऐकू यायची पाळी येते तेव्हा वर बासरी.

पहिली दोन-तीन वर्षं मला त्याचा आवाज आठवायचा. मग शब्द आठवायचे, आवाज माझाच. एक दिवस मी भाजी निवडताना त्याच्यासारखं ‘काऊन वो’ म्हणून बघितलं, तर शेजारच्या भागीरथाबाईसारखं निघालं. त्या दिवसापासून प्रयत्न सोडला.

सोडला असं म्हणते, पण एक आशा होती. ती कशी ते सांगते.

एका उन्हाळ्यात विनोदला शोध लागला की डीव्हीडीवर एकाच चित्रासाठी दोन आवाज ठेवता येतात. एक नंबरला सिनेमाची गाणी, दोन नंबरला मांडवातला खरा आवाज. रिमोटवरचं ऑडिओचं बटण दाबलं की बदलतो. त्याला फार आवडलं ते. ‘ज्याले जे आयकायचं ते आयकन,’ म्हणाला. त्या हंगामातल्या सगळ्या डीव्हीड्या त्यानं तशा बनवल्या. मग आरमोरीकडच्या एका घरी सगळे सोयरे जमून लग्न बघत बसले असताना कोणाचं तरी बोट त्या बटणावर पडलं. पडद्यावर नवरदेवाची मावशी गोड हसत नवरीला घास भरवत होती आणि टीव्हीतून तिचाच आवाज आला, ‘इतक्या दुरून आलो अन् भाजीत वांगे शोधा लागून राह्यले. नवरीच्या बापाची नजर पाहा, पंगतीतले घास मोजते.’ नवरीचा बाप शेजारीच बसला होता.

त्यानंतर विनोद मोटारसायकल घेऊन गावोगाव फिरला. नवी डीव्हीडी द्यायची, जुनी परत आणायची. आणलेल्या सगळ्या मागच्या अंगणात मोडून टाकल्या. मी चकचकीत तुकडे झाडत बसले होते आणि हसत होते. नंतर तो गेला, लग्नं साठवलेली वेगळी हार्ड डिस्क त्याच्यामागोमाग गेली, आणि मग ते तुकडे आठवून मला हसू आलं नाही. त्यातल्या एकात तरी तो बोलला असेल. आणि एखादी कुठल्या तरी गावातून परत आणायची राहिलीही असेल.

यंदा मोहफुलं वेचायच्या दिवसात सोमारी दुकानात आली. तेव्हा तिचं नाव मला माहीत नव्हतं. पंचेचाळिशीची बाई, पायाला रस्त्याची धूळ, हातात लुगड्याच्या तुकड्यात गुंडाळलेलं काहीतरी. धानोऱ्याच्या पुढून, जंगलातल्या गावातून एसटीनं आली होती.

“हे विनोदभाऊचंच दुकान होय ना जी?”

“होय. बसा.”

“भाऊ कुठी हायेत?”

मी सांगितलं. तिनं मान खाली घातली. मग म्हणाली, “आमच्याइकडे कोणी सांगतलंच नाई. माही माय बी गेली, मागच्या दिवाळीच्या आंधी.” आणि लुगड्याचा तुकडा सोडला.

आत डीव्हीडी होती. वर विनोदचं अक्षर. ‘चैतू, लग्न’ आणि खाली साल. साल बघितलं आणि मी हातातला चहाचा ग्लास खाली ठेवला.

“चैतू माहा भाऊ,” सोमारी म्हणाली. “त्याच्या लग्नात मायनं गाणं म्हटलं होतं. नीलाबाईचं गाणं म्हणजे साऱ्या इलाक्यात नाव. आमच्या गोंडाईत मांडवात बाया रेला गाणे म्हणतात, माहीत असन तुमाले. पाहुण्याईले चिडवतात. पण बाकीच्या बाया जुनेच शब्द म्हणतात. माय समोर बसला असन त्याच्यावर जागीच बनवे. आता माह्या रीनाचं लग्न हाय. बाया म्हणतात, नीलाबाईची चाल आमाले येते, पण तिचं बोलणं नाई येत. म्हणून हे आणलं.”

“गावात कोणी लावून नाही दिलं?”

“धानोऱ्याच्या मोबाईलवाल्यानं देल्लं ना मोबाईलमध्ये टाकून. पाहा.” तिनं फोन काढला. पडद्यावर मांडव, त्यात काळी-सावळी, मोठ्या तोंडाची बाई, हात हलवत गातेय. आणि आवाज सिनेमातल्या हिरोइनचा, साखरेच्या पाकासारखा. “माय तोंड हालवते अन् गाते हे भवानी,” सोमारी म्हणाली. “रीना तर हासून हासून लोळली. मले नाई हासू आलं.”

आता इथं मी काय बोलायचं? डीव्हीडी त्याच उन्हाळ्यातली होती. तेव्हा पावसानं धानोऱ्यापलीकडे रस्ता बंद म्हणून विनोद बदलायला गेला नसणार. पण मी म्हटलं असतं की दुसरा आवाज असेल, आणि नसता निघाला, तर तिची आई दुसऱ्यांदा गेली असती. माझंही काही जायचं ते गेलं असतं. म्हणून मी एवढंच म्हटलं, “बघते. वेळ लागेल.”

“शेवटची बस चारची हाय.”

“मग लवकर बघते.”

नव्या कॉम्प्युटरला डीव्हीडीची जागाच नाही. वायरीनं जोडायचा ड्राइव्ह आहे, त्यात घातली. त्यानं थोडा वेळ घरघर केली आणि ताटातलं नको असलेलं सरकवावं तशी बाहेर सरकवली. चरे फार होते. मग मी विनोदच्या जुन्या कॉम्प्युटरवरचं फडकं काढलं. त्याच्याच ड्राइव्हनं ती डीव्हीडी लिहिली होती. आमच्या धंद्यात म्हणतात की ज्यानं लिहिलं त्याला आपलं अक्षर लागतं. शास्त्रात बसतं की नाही माहीत नाही. त्यानं वाचली.

विनोदचा मिक्सिंगचा प्रोग्राम उघडला. डावीकडे चित्र आलं, खाली दोन ओळी आल्या: आवाज एक, आवाज दोन.

“काय झालं जी?” सोमारी म्हणाली, कारण मी खुर्चीतून उठून परत बसले होते.

“दोन आवाज आहेत,” मी म्हटलं. आता लपवून उपयोग नव्हता. “एक हिरोइनचा. दुसरा बहुतेक मांडवातला.”

मी दोनवर टिचकी मारली. नीलाबाईचं तोंड हलत राहिलं. आवाज काही नाही. हिरोइनसुद्धा नाही. आणि मध्ये एक पाटी आली: अमुक लायब्ररी फाईल सापडली नाही.

सोमारी पाटीकडे बघत होती. “काय म्हणते?”

कसं सांगावं? मी स्वतः हे विनोदच्या मागे उभं राहून शिकले आणि तो गेल्यावर चुकत चुकत शिकले. लायब्ररी म्हटलं की मला आधी पुस्तकंच वाटायची. “बाई, लग्नात आचारी असतो ना,” मी म्हटलं, “तो कुठे बसलाय ते कोणी बघत नाही. भाजी पानात आली नाही की मग शोधाशोध. तसं आहे हे. हा प्रोग्राम स्वतः सगळं करत नाही. चित्र उलगडायला एक फाईल, आवाज उलगडायला दुसरी. एक नंबरच्या आवाजाची आहे. दोन नंबरचा जागा वाचवायला दाबून भरलाय, तो सोडवणारी फाईल इथे नाही.”

“गेली कुठी?”

गेली होती ती माझ्या भाच्याच्या हातून. दोन वर्षांपूर्वी कॉम्प्युटर हळू चालतो म्हणून त्यानं सारा साफ केला आणि प्रोग्राम पुन्हा भरला. पण विनोदनं त्याच्या आजूबाजूला जमवलेल्या, नागपूरहून, चंद्रपूरहून पेन ड्राइव्हवर आणलेल्या फायली परत आल्या नाहीत. कोणाला त्यांची नावं माहीत होती?

“म्हणजे आवाज हाय का नाई?” सोमारीनं विचारलं.

“फाईल मिळाल्याशिवाय नाही सांगता येत. नुसती ओळ असेल, आत रिकामीही असेल.”

मी इंटरनेटवरून एक उतरवली. जुन्या कॉम्प्युटरनं ती ओळखायलाच नकार दिला, फार नवी म्हणून. दुसरी उतरवली, तिच्याबरोबर जुगाराची जाहिरात आली. मग मी शहबाजभाईला फोन लावला.

शहबाज गडचांदूरचा. विनोद आणि तो बरोबरच या धंद्यात आले. आता तो सिमेंट कंपनीच्या कॉलनीत टीव्ही दुरुस्त करतो, पण जुनं काही फेकत नाही. त्याची बायको नूरी त्यावरून त्याला रोज बोलते.

“वहिनी? इतक्या दिवसांनी? सब खैरियत?”

मी फाईलचं नाव सांगितलं.

“वहिनी, हे नाव आता कोन घेते? विनोदनं माह्याकडूनच नेली होती ती. परत आणून देतो म्हणे. फाईल परत आणून देतो! मी म्हटलं, अबे, कॉपी केली तू, माह्याकडची कुठी गेली?” तो हसायला लागला आणि मध्येच थांबला. “काय काम पडलं?”

“एका बाईच्या आईचं गाणं काढायचं आहे. दोन नंबरचा ट्रॅक आहे.”

“दोन नंबर.” त्याला कळलं. आरमोरीला विनोदच्या पाठीशी तोच गेला होता समजूत घालायला. “त्या सालचा?”

“हो.”

“थांबा. पाच मिनिटं. असली फाईल अडवतात मोबाईलवाले, म्हणून फोटोचं नाव देऊन पाठवतो. ‘नूरी’ म्हणून येईल. उघडून पाहू नका अन् नूरी दिसत नाई म्हणून मले फोन करू नका. नाव बदला, शेवटचे तीन अक्षरं बदला, प्रोग्रामच्या घरात टाका.” आणि मग, “वहिनी, काही निघालं तर सांगजा मले.”

पाच मिनिटांचा अर्धा तास झाला. मी चहा सांगितला. सोमारी दोन वेळा बाहेर जाऊन उन्हाची तिरीप बघून आली. “माय तशी भांडखोर,” ती म्हणाली. “माहा नवरा आमच्या घरी लमसेना होता. म्हणजे लग्नाच्या आंधी सासऱ्याच्या वावरात राबायचं. आमच्यात चालते. माय त्याच्यावर रोज एक गाणं बनवे. नांगर कसा धरते, भात कसा खाते. तो म्हणे, हे म्हातारी गेली का मले शांत झोप येइन. आता झोप नाई येत त्याले. आंगणात बसून राह्यते.”

नूरी आली. मी तिचं नाव बदललं, पेन ड्राइव्हवर घेतली, जुन्या कॉम्प्युटरच्या घरात नेऊन ठेवली. प्रोग्राम बंद करून उघडला. दोनवर टिचकी मारली. पाटी आली नाही.

आधी नुसती खरखर. मग भांडी. कुत्रं. लांब ढोल. मग बायकांचा ‘रे रे रेला’, आणि त्यावरून एक जाड, घोगरा, कुठूनही गोड नसलेला आवाज चढला. सोमारीनं दोन्ही हातांनी टेबल धरलं. नीलाबाईचं तोंड आणि आवाज आता एकत्र चालत होते.

एक कडवं झालं. दुसरं सुरू झालं आणि मध्येच, अगदी कानाशी, मोठ्यानं:

“बाई, जरा इकडे तोंड करा. उजेड नाई येऊन राह्यला.”

माईकच्या सगळ्यात जवळ कॅमेरावालाच असतो. तो बोलला की बाकी सगळं बुडतं. आवाज मी आठवत होते त्यापेक्षा बारीक होता. मी इतकी वर्षं उगाच भारदस्त करून ठेवला होता.

“भाऊच होय ना?” सोमारी हळूच म्हणाली.

मी मान हलवली. आणि लगेच, लाज वाटून म्हणा, बोलायला लागले की यानं तुमच्या आईच्या गाण्यावर बोलून ठेवलंय, हा आवाज कमी करून बघते, पण दोघांचा एकातच आहे, त्याचा कापला तर तिचाही कापेल.

“चूप बसा जी,” सोमारी म्हणाली. “माय त्याच्यावरच म्हणून राह्यली.”

नीलाबाई थांबली नव्हती. उजेडाकडे तोंडही केलं नव्हतं. ती सरळ कॅमेऱ्यात बघून गात होती, बायका हसत होत्या. मला गोंडी कळत नाही. विनोदलाही कळत नव्हतं.

“काय म्हणून राह्यल्या बाई?” त्याचा आवाज.

एका तरण्या बाईचा आवाज आला, हसण्यात अर्धा बुडालेला. “तुमालेच म्हणते. एक डोया मिटला, एक काचेत घातला, आमच्या पोरी मोजतं का पाहुण्या? घरी बायको हाय का नाई, म्हणते.”

“हे मी होय,” सोमारी म्हणाली. “बापा. मी बोलली होती? मले आठवतच नाई.”

“हाय ना,” विनोद म्हणाला. “सांगा त्यायले, हाय म्हणा. दुकानात मशीनवर बसवून आलो तिले. इथी आणली असती त माह्याच चुका काढत बसली असती.”

बायका खदखदल्या. ढोल जवळ आला. नीलाबाईनं लगेच पुढचं कडवं उचललं, हात कॅमेऱ्याकडे करून. विनोदनं पुन्हा विचारलं, “आता काय म्हणते?” पण त्याला कोणी सांगितलं नाही. ढोलात सगळं गेलं, चित्र हललं, आणि पुढं पंगत सुरू झाली.

मी थांबवलं. दुकानात पंखा फिरत होता. कोणी झेरॉक्सला आलं होतं, आमच्याकडे बघून परत गेलं.

“शेवटचं काय म्हणाली?” मी विचारलं.

सोमारीनं पुन्हा लावायला सांगितलं. डोळे मिटून ऐकलं. मग एकेक शब्द जुळवून मराठीत सांगितलं: “चुका काढणारीले घेऊन ये, म्हणते. या घरच्या पुढच्या लग्नाले घेऊन ये. तिच्यासाठी पान मांडून ठेवतो. नाई आणली त तुलेच मांडवाच्या खांबाले बांधून ठेवतो.”

“मग पुढचं लग्न कधी झालं?”

“कुठी झालं? चैतू गेला बायकोच्या गावाले. घरात मीच. आता रीनाचंच.”

मग आम्ही कामाला लागलो. दोन नंबरचा आवाज चित्राला जोडून मी तिच्या मोबाईलमध्ये टाकला. गाण्याचा तुकडा वेगळाही काढून दिला, बायकांना शिकायला. विनोदचं बोलणं असलेलं कडवं त्यातून गाळू का, असं मी पुन्हा विचारलं.

“कायले? ते गाळलं त मायनं कोणाले चिडवलं ते कसं समजन? बायाईले तेच शिकवतो. रीनाच्या लग्नात मोबाईलवाले पंधरा असन, त्यायच्यावर म्हनू.” तिनं डीव्हीडी लुगड्याच्या तुकड्यात परत गुंडाळली. उठता उठता म्हणाली, “मांडवात बोलावलं त ‘नाई’ नाई म्हणत आमच्यात. तुमी येजा.”

“बघते,” मी म्हटलं. “दुकान असतं. भरतीचे अर्ज चालू आहेत.”

“बघते म्हणू नका जी. जिवंत माणसाले बघते म्हणता येते. मायनं बोलावलं ना, तिले कसं सांगान?”

ती चारच्या बसला पळाली. मी शहबाजभाईला एवढंच लिहून पाठवलं की निघालं. थोड्या वेळानं त्याचा फोन आला, एकदाच वाजला, आणि बंद झाला.

मग मी शटर अर्धं ओढलं आणि माझ्या कॉम्प्युटरवर ठेवलेली प्रत लावली. ‘बाई, जरा इकडे तोंड करा.’ खरंच उजेड नव्हता. उजेड नसेल तर बाई फिरवायची नसते, आपण फिरायचं असतं, हे मी त्याला तेव्हाही सांगत होते. नीलाबाईच्या डोक्याचा वरचा भाग कापला गेलाय. मागे कोणाची तरी म्हैस आलीय मांडवात. आणि शेवटच्या कडव्याला कॅमेरा पार आढ्याला गेला, कारण हा काय म्हणते, काय म्हणते करत बायकांकडे बघत होता.

“गाणं चालू असताना मधे बोलायचं नसते रे,” मी म्हटलं. “इतकं त समजायले पायजे.”

मोठ्यानंच म्हटलं असणार, कारण म्हणून झाल्यावर मी गप्प राहिले, आता तो काहीतरी वाकडं बोलेल म्हणून.